उजव्या पंखाच्या तलवारी

१७ जानेवारी

धाकट्या,

पाकिटावरचं अक्षर ओळखूनही तू हे पत्र फाडलं नाहीस, असं धरून चालते. फाडलं असशील तर तुकडे जोडून वाच. घड्याळाचे दाते जुळवणाऱ्याला ते काही अवघड नाही. आशीर्वाद देते. तू मागितलेला नाहीस, पण थोरलीला तो द्यावाच लागतो, त्यात माझा इलाज नाही.

मी ठणठणीत आहे. गुडघे कुरकुरतात, पण घरात कुणीतरी कुरकुरणारं हवंच. तू गेल्यापासून ती जागा रिकामी होती. भावजयीला माझी आठवण सांग.

आता कामाचं. परवा धान्याच्या गोदामाचा रखवालदार पोतं उराशी धरून जिना चढून आला. म्हणाला, "आजी, गरुड सापडलाय. छपराच्या जाळीत अडकला होता." त्याच्या लेखी चोच वाकडी असली की गरुड. मागे त्याने आणलेला एक गरुड साधी घार निघाला, दुसरा तर मुठीएवढा शिक्रा. मी म्हटलं, बघू तुझा गरुड, आणि पोत्याचं तोंड सैल केलं. आत बहिरी होती, धाकट्या. बहिरी ससाणा, मादी, ऐन भरातली. काजळ गालावर ओघळावं तशा काळ्याभोर मिशा. आणि नजर अशी रोखलेली, की जणू मीच तिच्या घरात न विचारता शिरले होते. बाबा गेल्यानंतर या खोलीत बहिरी आली ती आत्ताच.

हाड मोडलेलं नाही. पाखरांच्या दवाखान्यातल्या डॉक्टरने एक्स-रे काढून पाहिला. पण जाळीत झगडताना उजव्या पंखाच्या टोकाची लांब पिसं मोडली. डॉक्टर त्यांना काहीतरी वीतभर लांब नाव घेऊन बोलतो. आपल्या घरात त्या तलवारी. बाहेरच्या तीनही तलवारी निम्म्यात तुटल्या आहेत, आणि त्यांच्याशिवाय बहिरी म्हणजे वल्ही नसलेली होडी.

नवी पिसं येतील, पण जुनी झडायचा हंगाम आल्यावर. आणि ही तर पाहुणी. हवा तापायला लागली की हिची जात उत्तरेची वाट धरते. ते वारं चुकलं तर हिला वर्षभर पिंजऱ्यात काढावं लागेल. वर्षभर पिंजऱ्यात काढलेली बहिरी कशी होते ते आपण दोघांनी पाहिलं आहे. खाते, पिते, जिवंत असते, पण बहिरी राहत नाही.

म्हणून पिसं जोडायची. बाबांच्या पद्धतीने मोडक्या पिसाचा खुंट जागच्या जागी ठेवायचा, त्याच्या पोकळीत बांबूची बारीक सळई घालायची आणि सळईच्या दुसऱ्या टोकावर दुसऱ्या बहिरीचं झडलेलं पीस चढवायचं. पीस मादीचंच हवं, त्याच पंखाचं, त्याच जागेचं. अशी पिसं जगात कुठे आहेत हे मला माहीत आहे आणि तुलाही. बाबांच्या शेवटच्या बहिरीने दर हंगामात टाकलेली पिसं कापराच्या वड्यांबरोबर पत्र्याच्या पेटीत आहेत. पाखरू तू सोडून दिलंस, पेटी मात्र बरोबर नेलीस.

मी भांडण उकरून काढत नाही. पेटी कुठे आहे तेवढंच सांगते. बाबा गेले त्याच्या दुसऱ्या सकाळी मी तिच्यासाठी मांस आणायला खाली उतरले आणि परत आले तेव्हा खिडकी उघडी होती, तिचा बसायचा अड्डा रिकामा होता आणि तू खिडकीशी उभा होतास. "तिचा माणूस गेला," म्हणालास. तिचा माणूस मी होते. बाबांचा हात थकल्यापासून तिला रोज मीच उडवत होते. ते मांस हातात घेऊन मी किती वेळ उभी होते कोण जाणे. असो. असो म्हटलं की विषय संपतो असं नाही, पण कागद संपत आला.

ताकाला जाऊन भांडं लपवायचा माझा स्वभाव नाही. उजव्या पंखाच्या बाहेरच्या तीन तलवारी पाठव. जोडायचं काम मी करीन. तू यायची काही गरज नाही.

तुझी
ताई

ता. क. ओळी तिरक्या गेल्या आहेत. दिव्याची जागा चुकली आहे, बाकी काही नाही.

२९ जानेवारी

धाकट्या,

पुडकं पोचलं. आत चिठ्ठी असेल म्हणून दोनदा झटकलं, तेव्हा एक कपटा पडला, "जपून." आपल्या घराण्यात एवढा सढळ हात कुणाचाच नव्हता.

पण कौतुक करते. किती वर्षं झाली, तरी एका पिसाचा एक तंतू विस्कटलेला नाही. घड्याळं पुसायच्या मऊ कागदात प्रत्येक पीस वेगळं गुंडाळलेलं, वर क्रमांक घातलेला. उघडलं तसा कापराचा वास आला आणि बाबा मागून "दार लाव, वारा येतोय," म्हणतील असं वाटलं.

आता वाईट वाटून घेऊ नकोस. तीनही पिसं डावी आहेत.

बाबांनी आपल्याला पाखराच्या पाठीमागे उभं करून डावं-उजवं शिकवलं होतं. आता तुझी सवय गेली घड्याळाकडे तोंड करून बसण्याची, त्यामुळे तुझी उजवी म्हणजे माझी डावी झाली असणार. पिसाची अरुंद कड पुढे, रुंद कड मागे. हे तर तुला बोबडं बोलतानाही येत होतं. मी तीनही टेबलावर ओळीने मांडून पाहिली. अरुंद कड नको त्या बाजूला आहे. शेजारणीलाही दाखवलं. ती म्हणाली, "मला काय कळतंय ताई, पिसं ती पिसं." तिला कळावं अशी अपेक्षा नव्हती, फक्त घरात कुणीतरी हो म्हणायला हवं होतं.

उजवी लवकर पाठव. पाहुणीची तब्येत उत्तम आहे. पहिले काही दिवस हातावर घेतलं की उसळी मारून उलटी लटकायची, पायाच्या वाद्यांना झटके देऊन माझं मनगट उपटायची. आता हातावर बसून खाते. काल तर तिने झाडणी केली. सगळं अंग फुलवून, पिसं सैल सोडून, सर्रकन झाडून पुन्हा नीट बसली. बाबा म्हणायचे, पाखराने तुमच्या हातावर झाडणी केली म्हणजे तुमच्या घरात राहायला ते राजी झालं. मान्य करते, मी त्या वेळी एकटीच हसले. मांसावर छत्री मात्र अजून धरते. पंख पसरून घास झाकते, मी काय तिच्या तोंडचा काढून घेणार आहे.

तिच्यासाठी नवी टोपी शिवली. चामडं जुन्याच हातमोज्याचं. सुई शेजारणीने ओवून दिली, टाके मी घातले. एक टाका सुटला होता, तो उसवून पुन्हा घातला. डोळ्यांवर टोपी चढली की पाहुणी कशी शांत होते.

डॉक्टर विचारत होता, "आजी, पिसं मी जोडू का? बहिरीची कधी केली नाहीत, पण तुम्ही सांगाल तसं करीन." गुणी माणूस आहे. मी म्हटलं, आमच्या घरात त्या कामाचे हात आहेत.

ताई

५ फेब्रुवारी

धाकट्या,

तुझं कार्ड मिळालं. "पिसं उजवीच आहेत. शनिवारी येतो. तोवर तिच्या पंखाला हात लावू नकोस."

हा हुकूम कुणाला? तुझ्या नाकाला आलेला शेंबूड मी पुसला आहे. यायची गरज नाही असं मी पहिल्या पत्रात स्वच्छ लिहिलं होतं.

येणारच असशील तर खालची घंटा बंद आहे, हाक मार. मधल्या मजल्यावर जिन्याची पायरी खचली आहे, भिंतीकडून चढ. गादी गच्चीवर दिसली तर भलता अर्थ काढू नकोस. तिला ऊन दाखवायचं होतंच.

ताई

१४ फेब्रुवारी

धाकट्या,

पहाटे न सांगता गेलास. पांघरुणाची घडी कोपऱ्याला कोपरा लावून ठेवली होतीस, म्हणजे रागाने गेला नव्हतास. राग आला की तू घडी घालत नाहीस. घड्याळ मात्र माझ्या परवानगीशिवाय बरोबर करून गेलास. इतकी वर्षं ते माझ्या सोयीने मागे चालत होतं; आता सगळीकडे वेळेवर पोचते आणि लोकांची वाट बघत बसते.

तू समोर असताना माझ्या तोंडाला कुलूप होतं. कागदाशी बोलणं सोपं जातं.

तुला आठवेल, आल्या आल्या तू चहासुद्धा घेतला नाहीस. टेबलावर मांडलेल्या पिसांकडे पाहिलंस, एक उचललंस आणि माझ्या अंगठ्याखाली दिलंस. "पन्हळ लागते का?"

"कसली पन्हळ?"

"ताई, पिसाच्या दांड्याला पोटाकडून पन्हळ असते. तूच मला शिकवलीस. ही पिसं तू पालथी मांडलीस. पालथं पीस उजव्याचं डावं दिसणारच."

मी म्हटलं, "मला सुलटीच दिसली."

"तेच म्हणतोय. डोळे मिटून अंगठ्याने डावं-उजवं सांगणारी तू. पत्र वाचलं तेव्हाच कळलं."

मग तू विचारलंस, "कधीपासून?"

"कशाचं कधीपासून?"

"ताई."

हे एवढं एकच म्हणालास आणि मला सांगावं लागलं. डावा डोळा बरेच दिवस धुकट आहे, आता उजव्याला त्याची संगत लागली, आणि बोटांची टोकं अशी बधिर झाली आहेत की सुई धरली काय आणि हवा धरली काय. हातांचा आता एकच उपयोग उरला आहे, पाखरू घट्ट धरणं. तू म्हणालास, "मग धर. दुसरं काय हवंय?" तू कनवाळूपणा दाखवला असतास तर मी तुला जिन्यावरून खाली ढकललं असतं. दाखवला नाहीस, ते बरं केलंस.

कापडात गुंडाळलेली, टोपी घातलेली पाहुणी माझ्या मांडीवर, उजवा पंख उशीवर पसरलेला, आणि डोळ्याला भिंग लावून तू. तिचं काळीज माझ्या तळहाताखाली धडधडत होतं. माझंही, पण ते तुला ऐकू जाऊ नये म्हणून मी भांडण काढलं. निमित्त तूच दिलंस. खिशातून पोलादी सळया काढल्यास, घड्याळाच्या तारेच्या घासून केलेल्या.

"बाबा बांबू वापरायचे."

"बाबांकडे असली तार नव्हती."

"बांबू पिसाबरोबर वाकतो."

"ही पण वाकते. बघ." आणि तू ती माझ्या नखाशी वाकवून सोडलीस. टिंग वाजली. "आणि भिजून फुगत नाही. आता गप्प बस, तुझा हात हलतोय."

"माझा हात हलत नाही, पाखरू श्वास घेतंय."

"मग दोघींनी कमी घ्या."

हसू दाबताना माझा खांदा हलला आणि तू पुन्हा ओरडलास. शेजारीण दारातून डोकावून म्हणाली, "भाऊ आला का तुमचा? आवाजावरून ओळखलं." धाकट्या, सुंभ जळला तरी पीळ जात नाही म्हणतात, आपला तर सुंभही अजून शाबूत आहे.

तिसरी तलवार बसवून झाल्यावर, मान खाली घालूनच तू विचारलंस, "अजून रागावलीस?"

मी म्हटलं, "हो."

तू म्हणालास, "बरं." आणि डिंकाच्या बाटलीचं बूच लावलंस.

त्यावर मी दिवसभर विचार केला. माझं गाऱ्हाणं घासत घासत शेवटी एवढंच उरलं आहे, की विचारायला हवं होतंस. मी नाही म्हटलं असतं, तेही खरं. तरी विचारायला हवं होतंस. याहून कमी मला करता येत नाही, ते तसंच राहू दे. त्याला धरून आपण दोघं जेवू शकतो. त्या रात्री जेवलोच की.

आता ज्यासाठी हे पत्र. तू गेल्यावर मी पाहुणीचा पंख हलकेच उघडला आणि जोडांवरून नख फिरवलं. बोटं बधिर असली तरी नखाला अजून कळतं. खुंटापासून टोकापर्यंत नख कुठेच अडलं नाही. परत फिरवलं. तीनही तलवारींवर जोड कुठे आहे ते मला सापडलं नाही. बाबांच्या कामात तो सापडायचा, धाकट्या. अगदी बारीक, तिळाएवढा, पण सापडायचा. हे मी तोंडावर सांगितलं असतं तर तू मान वाकडी करून "हं" म्हणाला असतास आणि सगळी मजा गेली असती.

येताना आणलीस ती पिसांची पेटी टेबलाखाली राहिली आहे. तू विसरलास असं मी समजते. विसरभोळा तू कधीच नव्हतास, पण समजते.

तुझी
ताई

११ मार्च

धाकट्या,

ती गेली.

डिंक वाळला, मग डॉक्टरच्या मदतीने तिला लांब दोरीवर उडवली, रोज थोडं जास्त अंतर. छातीचं मांस भरलं, दम आला. काल वारा फिरला. गच्चीवर कपडे वाळत घालताना गालाला ऊब लागली आणि मला कळलं की आता हिला ठेवणं म्हणजे चोरी.

आज सकाळी गोदामामागच्या मोकळ्या रानात गेलो. मी, डॉक्टर आणि तो रखवालदार. त्याचं म्हणणं, गरुड त्याचा आहे, निरोप द्यायला तो हवाच. पायाच्या वाद्या कापल्या. टोपी काढली. तिने आधी झाडणी केली, मग डॉक्टरच्या नव्या बुटावर पांढरी पिचकारी मारली. तो पुसायला वाकला तेव्हा मी म्हटलं, पुसू नकोस, निघताना ओझं उतरवतात त्या. आणि मूठ वाऱ्याकडे धरली.

हात हलका होईल असं वाटलं होतं. झाला नाही. ती सुटल्यावर तो एकदम जड झाला, मला तो डाव्या हाताने धरावा लागला. तेव्हा मनात आलं, त्या सकाळी खिडकीशी तुझ्याजवळ तर कुणीच नव्हतं.

माझ्या डोळ्यांपुरती ती पाण्याच्या टाकीपर्यंत होती. पुढे नुसता उजेड. मी डॉक्टरला म्हटलं, "सांग."

"वर चाललीय, आजी. मस्त."

"मस्त म्हणजे काय? घिरट्या घेत चढतेय की सरळ?"

"गोल गोल."

"पंख मारतेय की वाऱ्यावर टेकलीय?"

"मारते, मग टेकते. जास्त टेकतेय."

"शेपटीचं सुकाणू उघडं की मिटलेलं?"

"उघडं. पंख्यासारखं."

"उजवा पंख खाली पडतोय का? नीट बघ. टोकं दोन्हीकडे सारखी आहेत?"

त्याने बराच वेळ दुर्बीण लावून पाहिलं. "आजी, उजवा कुठला ते मला आठवावं लागतंय."

रखवालदार म्हणाला, "मी सांगत होतो, गरुडच आहे." मी म्हटलं, आज राहू दे तुझा गरुड.

मग पुढचं सांग म्हणून डॉक्टरला मी कोपराने ढोसलं. त्याचा आवाज बदललेला होता. "आजी, ती पडतेय."

"पंख मिटलेत?"

"अंगाला चिकटवलेत. थेट खाली..."

"मग पडत नाही. येतेय."

पुढचं मला कुणी सांगावं लागलं नाही. मोडक्या तलवारीची बहिरी झडप घालते तेव्हा फटीतून वारा घुसतो आणि बारीक शीळ वाजते. बाबा खाली मान घालून, नुसत्या शिळेवरून कुठली तलवार गेली ते सांगायचे. मी डोळे मिटले, तसेही ते उघडून काही उपयोग नव्हता. वरून नवं कापड एका दमात फाडत आणावं तसा आवाज आला, डोक्यावरून गेला, आणि गोदामाच्या छपरावरची सगळी कबुतरं एकदम उधळली. शीळ नव्हती. कान दोन्ही शाबूत आहेत माझे, खात्रीने सांगते. दोन पंखांचा मिळून एकच आवाज होता.

तिने कबुतर धरलं नाही. नुसती जीभ दाखवल्यासारखी त्यांच्यातून गेली, पुन्हा उंच चढली आणि उत्तरेकडे वळली. डॉक्टर दिसेल तोवर सांगत राहिला. मग म्हणाला, "गेली."

परत येताना त्याने विचारलं, "आजी, हे काम कुणी केलं?" मी म्हटलं, "माझ्या भावाने." इतक्या वर्षांत हे दोन शब्द मी बाहेरच्या माणसासमोर उच्चारले नव्हते. बरे वाटले तोंडाला. म्हणून मग फाटकापाशी रखवालदारालाही ऐकवले. त्याने काही विचारलं नव्हतं.

तुझी
ताई